संरक्षणाचा आदेश न्यायालयात पडतो तो कुठे?

महोदय,

पाणथळ किंवा शेतजमीन राखण्यासाठी काढलेला एखादा सरकारी आदेश न्यायालयात रद्द झाला, की मथळा दोनपैकी एक ठरलेला असतो: ‘विकासाचा मार्ग मोकळा’ किंवा ‘पर्यावरणाला धक्का’. निकालपत्र मुळातून वाचले तर भांडण बहुधा निराळ्याच गोष्टीवर झालेले दिसते. नोटीस काढली पण बजावली नाही. नकाशा जोडला पण त्यावर गट क्रमांक नाही. काम थांबवायला सांगितले, पण कोणत्या कलमाखाली, ते लिहायचे राहिले. ती जमीन राखावी की नाही, या प्रश्नापर्यंत न्यायालय पोचतच नाही. त्याआधीच फाइल तोंडघशी पडते.

हे आत्ता लिहिण्याला कारण आहे. देशातल्या २.२५ हेक्टरपेक्षा मोठ्या २,०१,५०३ पाणथळींना सर्वोच्च न्यायालयाने ८ फेब्रुवारी २०१७ च्या आदेशाने संरक्षण दिले: २०१० च्या पाणथळ नियमांतल्या चौथ्या नियमाची (भराव, बांधकाम यांवरच्या बंधनांची) तत्त्वे त्यांना लागू राहतील. नव्या नकाशासंग्रहात हा आकडा २,३१,१९५ झाला. ११ डिसेंबर २०२४ रोजी न्यायालयाने राज्यांना या सगळ्या जागांची प्रत्यक्ष पाहणी करून हद्दी ठरवायला तीन महिने दिले. ती मुदत केव्हाच उलटली. या कामातून जे पंचनामे, नकाशे आणि याद्या निघतात, त्यांनाच पुढची वीस-पंचवीस वर्षे आव्हानांना तोंड द्यायचे आहे. ते कच्चे राहिले तर नंतर कितीही मोठा वकील लावला तरी तो कागद बदलू शकत नाही.

कच्चा कागद किती महाग पडतो, याचे महाराष्ट्रातले ठळक उदाहरण पाणथळीचे नाही, खासगी वनांचे आहे. भारतीय वन अधिनियमाच्या कलम ३५(३) खाली १९५६-५७ च्या सुमारास अनेक जमीनमालकांच्या नावे नोटिसा निघाल्या. जमिनीवरची झाडी तोडण्यावर बंधन का घालू नये, याचे उत्तर द्या, एवढेच त्यांत विचारलेले होते. पुढे महाराष्ट्र खासगी वने (संपादन) अधिनियम आला आणि ३० ऑगस्ट १९७५ पासून, अशी नोटीस ‘काढलेली’ जमीन सरकारजमा झाली असे धरले गेले. पण त्यानंतरही कित्येक वर्षे त्याच जमिनींवर इमारतींना रीतसर परवानग्या मिळत राहिल्या, सरकारी खात्यांनीच त्या दिल्या. जवळपास अर्धशतकानंतर सातबाऱ्यावर वनाच्या नोंदी चढू लागल्या. मुंबईतल्या विक्रोळी-मुलुंड परिसरातल्या जमिनींचे हे प्रकरण उच्च न्यायालयात २००८ मध्ये सरकारच्या बाजूने सुटले, पण ३० जानेवारी २०१४ रोजी गोदरेज अँड बॉइस विरुद्ध महाराष्ट्र शासन या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ते फिरवले. नोटीस ‘काढली’ म्हणजे या कायद्यात ती मालकाला ‘बजावली’ असाच अर्थ घ्यावा लागेल, कारण बजावल्याशिवाय तो उत्तर देणार कसा? शिवाय नोटीस जिवंत हवी. १९५७ च्या सुमाराची, पुढे काहीच कारवाई न झालेली नोटीस १९७५ मध्ये उठून उभी राहू शकत नाही.

या निकालावर पर्यावरणवाद्यांनी बोटे मोडली. पण विचार करा: नोटीस बजावल्याची पोच, तिला आलेले उत्तर, त्यावरचा निर्णय, हे तीन कागद फाइलीत असते तर? सरकारने हरवलेले किंवा कधीच न केलेले हे तीन कागद हेच त्या खटल्याचे खरे कारण. आज पाणथळीसाठी नोटिसा काढणाऱ्या तलाठ्याने आणि मंडल अधिकाऱ्याने, आपण १९५६ च्या कारकुनासारखेच काम करत नाही ना, हे एकदा तपासावे. मालक परगावी असेल तर जागेवर चिकटवल्याचा पंचनामा, दोन पंचांच्या सह्या आणि रजिस्टर टपालाची पावती जोडायला पाच मिनिटे लागतात.

आता नकाशाकडे. २.२५ हेक्टर ही मर्यादा पर्यावरणशास्त्रातून आलेली नाही. देशाच्या पाणथळींचा नकाशासंग्रह १:५०,००० प्रमाणावर तयार झाला. या प्रमाणात नकाशावरचा १ मिलिमीटर म्हणजे जमिनीवरचे ५० मीटर. तीन मिलिमीटर लांब-रुंद चौकोनापेक्षा लहान आकार त्यात नीट रेखाटता येत नाही, तो ठिपका म्हणून दाखवला जातो. १५० मीटर गुणिले १५० मीटर, म्हणजेच २.२५ हेक्टर, साडेपाच एकराला थोडे जास्त. गावातले एक एकराचे तळे पाणथळ नाही असे कोणताही नियम म्हणत नाही, पण ‘यादीत नाही’ हे उत्तर कचेरीत सर्रास मिळते.

त्याच प्रमाणावर नकाशावरची अर्ध्या मिलिमीटरची रेघ जमिनीवर २५ मीटर रुंद होते. कोकणात तेवढ्या रुंदीत एखादा अख्खा गट बसतो. उपग्रहाच्या नकाशातली ही जाड रेघ गावनकाशावर ठेवून ‘गट क्रमांक अमुक ते तमुक बाधित’ असे पत्र काढले, की आव्हानाचा पहिला परिच्छेद जमीनमालकाच्या वकिलाला आयताच मिळतो. मालक भूमी अभिलेखच्या उपअधीक्षकाकडून मोजणी करून ‘क’ प्रत आणतो; त्यात हद्दी मीटरमध्ये असतात. एका बाजूला जाड रेघ, दुसऱ्या बाजूला मोजणीचा सरकारी नकाशा. न्यायाधीश कोणावर विश्वास ठेवतील, हे सांगायला नको. यावरचा उपाय कंटाळवाणा आहे: पाणथळ अधिकारी, भूमापक, वन आणि महसूल यांची संयुक्त मोजणी, टिपण आणि फाळणी या जुन्या मोजणीच्या कागदांशी मेळ, प्रत्येक वळणबिंदूचे अक्षांश-रेखांश निदान पाच दशांश स्थळांपर्यंत (पाचवे स्थळ म्हणजे साधारण एक मीटर), आणि गटाचा केवळ काही भाग पाण्याखाली असेल तर तो भाग वेगळा दाखवणे. सगळा गट गोवला की सगळाच आदेश धोक्यात येतो.

पाणथळ म्हणजे काय, याची २६ सप्टेंबर २०१७ च्या नियमांतली व्याख्या वाचली की पुढची अडचण कळते. दलदल, पाण्याचा साठा, नैसर्गिक वा मानवनिर्मित, कायमचा वा हंगामी, गोडा वा खारा, ओहोटीला सहा मीटरपेक्षा खोल नसलेला समुद्र, असे सगळे व्याख्येत येते. पण नदीचे पात्र, भातखाचरे, पिण्याच्या पाण्यासाठी मुद्दाम बांधलेले तलाव, आणि मत्स्यशेती, मीठ, करमणूक किंवा सिंचन यांसाठी मुद्दाम केलेली बांधकामे वगळलेली आहेत. त्याखेरीज वनकायदे, वन्यजीव कायदा आणि २०११ ची किनारी अधिसूचना ज्या क्षेत्राला लागू आहे, तिथे हे नियमच लागू नाहीत. तिथे ते ते कायदे.

इथे शेतजमीन आणि पाणथळ यांचे कायदे एकमेकांचे पाय ओढतात. रायगड, ठाणे, पालघरच्या खलाटीत, म्हणजे किनाऱ्यालगतच्या सखल पट्ट्यात, एकच जमीन सातबाऱ्यावर भाताची असते आणि पावसाळ्यात चार महिने पाण्याखाली, पक्ष्यांनी भरलेली. पाणथळ म्हणून जाहीर करायला गेले की मालक म्हणतो, ‘हे भातखाचर आहे, व्याख्येतून वगळलेले.’ मग ती शेती म्हणून तरी राहावी, तर तीही राहत नाही, कारण जमीन महसूल संहितेत कलम ४२-ब आणि ४२-ड आल्यापासून, अंतिम विकास आराखड्यात निवासी दाखवलेल्या किंवा गावठाणापासून २०० मीटरच्या आतल्या जमिनीला वेगळी अकृषिक परवानगी घ्यावी लागत नाही. रूपांतर कर आणि इतर देणी भरली की झाले. पूर्वी कलम ४४ च्या अर्जावर तहसीलदार निदान नाला, ओढा, तळे बघून अहवाल मागवायचा. ती एक फेरी होती, तीही गेली. पाणथळीच्या सुनावणीत भातखाचर असलेली जमीन वर्षभरात बिनशेती झालेली असते.

म्हणून अशा जागेच्या फाइलीत गाव नमुना बाराचा उतारा निदान वीस वर्षांचा हवा. भात शेवटचे केव्हा लावले, ‘पड’ कधीपासून, पोटखराबा (लागवडीला अयोग्य भाग) किती, हे त्यात दिसते. अलीकडे ई-पीक पाहणीत पिकाची नोंद शेतकरी स्वतः मोबाइलवरून करतो. सोय चांगली आहे, पण वर्षानुवर्षे पाण्याखाली असलेल्या गटात आव्हान दाखल होण्याच्या हंगामात अचानक भात उगवू शकते, हेही ध्यानात ठेवावे. जुन्या नोंदीचे उतारे त्याआधीच नक्कल काढून ठेवलेले बरे.

केरळने याच भांडणावर एक वाट शोधली आणि तिच्यातले खड्डेही दाखवले. तिथला भातजमीन आणि पाणथळ संवर्धन कायदा १२ ऑगस्ट २००८ रोजी लागू झाला. प्रत्येक पंचायतीत पंचायत अध्यक्ष, कृषी अधिकारी, ग्राम अधिकारी आणि शेतकऱ्यांचे प्रतिनिधी अशा समितीने जमिनींची ‘डेटा बँक’ करायची, त्यात आलेल्या जमिनीवर भराव टाकायचा नाही. चुकून आलेली जमीन वगळून हवी असेल तर मालकाने नमुना ५ मध्ये महसूल विभागीय अधिकाऱ्याकडे अर्ज करायचा. या कायद्याची सगळ्यात उपयोगी गोष्ट म्हणजे ती तारीख. वादाचा प्रश्न एकच उरतो: १२ ऑगस्ट २००८ रोजी जमीन कशी होती, आणि भातलागवडीला योग्य होती का? आज ती कशी दिसते, याला फारशी किंमत नाही. त्यामुळे घाईघाईने भराव टाकणाऱ्याचा फायदा होत नाही.

आणि तरीही केरळ उच्च न्यायालयात या आदेशांविरुद्ध याचिकांची रीघ लागलेली असते. कारण तेच. अधिकारी कृषी अधिकाऱ्याच्या दोन ओळींच्या अहवालाची नक्कल करून अर्ज फेटाळतो. स्वतः जागेवर जात नाही, राज्याच्या दूरसंवेदन केंद्राकडून त्या तारखेच्या आसपासचे उपग्रह चित्र मागवत नाही, जमीन भाताला योग्य कशी, ते लिहीत नाही. न्यायालय असे आदेश पुन्हा पुन्हा रद्द करून फेरनिर्णयाला पाठवते. जमीन काही त्याने सुटत नाही, पण दोन-तीन वर्षे जातात. आपल्याकडे ठरावीक तारीख तर नाहीच. नागपूरच्या महाराष्ट्र दूरसंवेदन उपयोजन केंद्राकडून एकाच गटाची मार्चमधली आणि ऑक्टोबरमधली, अशी दर पाच वर्षांची चित्रे मागवून फाइलीत लावली, तर निदान ‘भरावाआधी इथे पाणी होते’ एवढे तरी निर्विवाद होईल. भरावाची तारीख शोधायची असेल तर गौण खनिजाचे वाहतूक पास आणि स्वामित्वधनाच्या पावत्या पाहाव्यात. मुरूम कुठून, कधी, किती ब्रास आला, ते त्यावर असते. पास नसतील तर मुरूम चोरीचा, आणि मग महसूल संहितेचे कलम ४८(७) लावून निराळी कारवाई करता येते.

मार्चचे चित्र एकटे कधीही देऊ नये. हंगामी पाणथळ उन्हाळ्यात क्रिकेटचे मैदान दिसते. भरतीवर जगणाऱ्या पाणथळीचे तर आणखी सोपे आहे: पाणी आत येण्याची वाट बुजवली की काम झाले, भरावाचा एकही ट्रक लागत नाही. नेरुळच्या डीपीएस तलावाचे पाणी आटले तेव्हा फ्लेमिंगोंनी पाठ फिरवली, हे २०२४ मध्ये साऱ्या नवी मुंबईने पाहिले. ‘पाहणीच्या दिवशी जागा कोरडी आढळली’ हे वाक्य असलेला पंचनामा म्हणूनच घातक असतो. मोऱ्या, पाइप, उघाड्या (बांधातली पाणी आत-बाहेर सोडणारी झडपेची दारे) सुरू होत्या की बंद, भरती किती वाजता होती, हे त्यात लिहिलेले हवे.

२०१७ च्या नियमांतल्या चौथ्या नियमातली ५० मीटरची अट घ्या. पाणथळीच्या ‘सरासरी उच्च पूरपातळी’पासून ५० मीटरच्या आत, होड्यांचे धक्के सोडून, पक्के बांधकाम नाही. ही पातळी नियम लागू झाल्याच्या तारखेच्या मागच्या दहा वर्षांतल्या निरीक्षणावरून काढायची, म्हणजे २००७ ते २०१७. आता प्रश्न असा की गावतळ्यावर पातळी मोजण्याची पट्टी कोणी बसवली होती? मोठ्या धरणांवर नोंदी असतात, पण ते सिंचनासाठी बांधलेले म्हणून व्याख्येतच येत नाहीत. मग तलाठी पाहणीच्या दिवशीच्या पाण्याच्या कडेपासून फीत लावतो, आणि ते अंतर न्यायालयात अर्ध्या तासात कोसळते. नोंदी नसतील तर पातळी काढण्याची पद्धत तरी लिहून ठेवावी: बांधावरच्या गाळाच्या रेषा, सांडव्याच्या माथ्याची उंची, जुन्या झाडांवरचे पाण्याचे डाग, पावसाळ्यानंतरच्या उपग्रह चित्रांतले सर्वांत मोठे क्षेत्र. पद्धत सांगितलेली आणि सगळीकडे सारखी लावलेली असेल, तर न्यायालय तिच्यात सहसा हात घालत नाही.

अधिसूचनेआधी जो संक्षिप्त दस्तऐवज करायचा असतो, तो म्हणजे या सगळ्याचा पाया. हद्द, प्रभावक्षेत्र, जागेचे पर्यावरणीय स्वरूप, लोकांचे आधीपासूनचे हक्क, कोणत्या गोष्टींना परवानगी, कोणत्यांवर नियंत्रण, कोणत्या बंद, आणि अंमलबजावणी कोण करणार. यातला ‘आधीपासूनचे हक्क’ हा भाग घाईत चार ओळींत उरकला जातो. मासेमारीचा ठेका, गुरे पाण्यावर नेण्याची वाट, शिंगाड्याचे पीक, कोळ्यांची होडी लावण्याची जागा: हे लिहिले नाही की पुढे त्या माणसांना न्यायालयात जाण्यावाचून गत्यंतर उरत नाही, आणि त्यांच्या आडून बिल्डर जातो. राज्याच्या पाणथळ प्राधिकरणाच्या शिफारशीपासून २४० दिवसांत अंतिम अधिसूचना निघायला हवी. ती न निघता रेंगाळलेल्या फाइलींचे काय होते, ते पश्चिम घाटाने दाखवले. २०१४ पासून तिथल्या पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्राचा मसुदा निघतो, मुदतीत अंतिम होत नाही, बाद होतो, पुन्हा निघतो. ३१ जुलै २०२४ चा मसुदा ५६,८२५ चौरस किलोमीटरचा होता, त्यात महाराष्ट्राचे १७,३४० चौरस किलोमीटर.

कारणे नसलेल्या आदेशाबद्दल एक जुना दंडक आहे. मोहिंदर सिंग गिल यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९७७ मध्ये सांगितले, की आदेश त्यात लिहिलेल्या कारणांवरच तपासला जाईल. नंतर प्रतिज्ञापत्रात नवी कारणे घालून तो सावरता येणार नाही. आदेश म्हणजे बरणीतले लोणचे नव्हे, ठेवले की मुरले! तरीही जिल्ह्याच्या कचेऱ्यांतून अजून एका वाक्याची पत्रे निघतात: ‘उच्च न्यायालयाच्या आदेशानुसार सदर ठिकाणी काम थांबवावे.’ उच्च न्यायालयाचा आदेश पाळणे वेगळे आणि त्याच्या नावावर अधिकार वापरणे वेगळे. बिनशेती परवानगीशिवाय वापर बदलला असेल तर महसूल संहितेचे कलम ४५ लिहावे. विनापरवाना बांधकाम असेल तर प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियमाचे कलम ५३, आणि नोटीस नियोजन प्राधिकरणाने द्यावी. पर्यावरण संरक्षण अधिनियमाच्या कलम ५ खाली निर्देश द्यायचे असतील तर तो अधिकार ज्याला सोपवला आहे त्यानेच द्यावेत, आणि हरकतीला निदान १५ दिवस द्यावेत. तातडी असेल तर ती का, हे लिहून ठेवावे. जाता जाता: १ एप्रिल २०२४ पासून या अधिनियमाच्या कलम १५ मधला तुरुंगवास गेला आहे, आता १० हजार ते १५ लाख रुपये दंड. जुने छापील नमुने अजून ‘पाच वर्षे कैद’ अशी धमकी देत असतील तर तेवढ्यावरूनही फाइल किती लक्ष देऊन केली आहे, ते समोरच्या वकिलाला कळते.

सगळी आव्हाने लबाडीची नसतात, हे स्पष्ट म्हटले पाहिजे. खारभूमीतल्या शेतकऱ्याचे गाऱ्हाणे खरे आहे. खाडीच्या बांधाला खांड पडते, उघाडीची झडप कुजते, दुरुस्तीचा प्रस्ताव खारभूमी खात्यात पडून राहतो. भरतीचे पाणी शेतात येते, भात जाते, तीन-चार वर्षांत तिवरे उगवतात. आता ते कांदळवन. उच्च न्यायालयाने ऑक्टोबर २००५ मध्ये आणि पुन्हा १७ सप्टेंबर २०१८ च्या निकालात कांदळवनाभोवती ५० मीटरची पट्टी मोकळी ठेवायला सांगितली. किनारी अधिसूचनेत ही पट्टी १,००० चौरस मीटरपेक्षा मोठ्या कांदळवनाला आहे, न्यायालयाच्या आदेशात तशी किमान क्षेत्राची अट नाही. हिशेब करून पाहा: दहा मीटर लांब, दहा मीटर रुंद, म्हणजे जेमतेम गुंठाभर तिवरांभोवती ५० मीटर सोडले तर जवळपास एक हेक्टर जमीन अडकते. ज्याची एकूण जमीनच ३० गुंठे, त्याने काय करायचे? तो न्यायालयात जाणार, नाहीतर रात्री तिवरे कापणार. बांध फुटल्याची तारीख, दुरुस्तीची मागणी केल्याची पत्रे आणि त्याआधीची पिकाची नोंद असेल, तर त्याला निदान बांधदुरुस्तीचा आणि नुकसानीचा मुद्दा वेगळा मांडता यावा. सरकारने हे दोन प्रकार एकाच नोटिशीत गुंडाळू नयेत: ज्याची शेती खात्याच्या हलगर्जीने बुडाली तो, आणि ज्याने विकत घेऊन मुद्दाम उघाडी उघडी ठेवली वा बुजवली तो.

टिकलेल्या आदेशाचे उदाहरणही द्यायला हवे. डहाणू तालुक्याला केंद्राने २० जून १९९१ च्या अधिसूचनेने पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील ठरवले. चिकूच्या बागा, भातशेती, खाड्या यांच्या मुलखात उद्योगांसाठी कमाल ५०० एकर, आणि तालुक्याबाहेर २५ किलोमीटरची पट्टी. ३१ ऑक्टोबर १९९६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने अंमलबजावणीसाठी स्वतंत्र प्राधिकरण नेमायला सांगितले, ते त्याच डिसेंबरात निघाले आणि निवृत्त न्यायमूर्ती चंद्रशेखर धर्माधिकारी यांनी ते २०१९ पर्यंत चालवले. या प्राधिकरणाने १९९८ मध्ये तालुक्यातले नियोजित वाढवण बंदर नाकारले. आदेश टिकला, कारण त्यात एकरांचा आणि किलोमीटरचा आकडा होता आणि तो राखणारी, सुनावणी घेऊन लेखी निर्णय देणारी एक जागा होती. त्याच जागेने जुलै २०२३ मध्ये अटी घालून बंदराला परवानगी दिली, आणि एप्रिल २०२४ मध्ये उच्च न्यायालयाने त्याविरुद्धच्या याचिका फेटाळल्या. राखणदाराने सुनावणी घेऊन, कारणे लिहून दार उघडले, की ते दार न्यायालयाकडून बंद करून घेणे फार कठीण. पुनर्रचित प्राधिकरणावर कोण येते, याकडे स्थानिकांइतके लक्ष बाकी महाराष्ट्राने दिले नाही.

गोव्यात उलट दिशेने तेच झाले. प्रादेशिक आराखड्यातल्या ‘अनवधानाने राहिलेल्या चुका’ दुरुस्त करण्यासाठी नगरनियोजन कायद्यात २०२३ मध्ये कलम १७(२) घातले गेले आणि त्याआधारे भातशेती, बागायती, नैसर्गिक आच्छादन असलेल्या जमिनी एकेका सर्व्हे क्रमांकाच्या हिशेबाने निवासी होऊ लागल्या. मार्च २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने त्याखालचे नियम रद्द केले आणि कलमाचा अर्थ आखडता केला. ‘दुरुस्ती’चा अधिकार म्हणजे आराखडा तुकड्यातुकड्याने नव्याने लिहिण्याचा अधिकार नव्हे. आपल्याकडे नगररचना अधिनियमाच्या कलम २० आणि कलम ३७ खालचे आराखड्यांतले फेरबदल बघताना हा निकाल वकिलांनी जवळ ठेवावा. फेरबदलाची सूचना बहुधा राजपत्रात आणि एखाद्या वृत्तपत्राच्या आतल्या पानावर, नखाएवढ्या अक्षरात येते. हरकतीची मुदत तिथूनच मोजली जाते.

कुठे दाद मागायची, यातही फसगत होते. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाचे पुण्याचे पीठ पर्यावरण संरक्षण अधिनियम, जल आणि वायू कायदे यांखालचे वाद ऐकते. महसूल संहिता आणि नगररचना अधिनियम त्याच्या अनुसूचीत नाहीत. ‘शेतीचा विभाग निवासी केला’ एवढाच मुद्दा घेऊन तिथे गेले तर अर्ज परत येतो आणि तोवर दोन पावसाळे जातात. हरित न्यायाधिकरण कायद्याच्या कलम १४ चा अर्ज कारण घडल्यापासून सहा महिन्यांत, पुरेसे कारण असेल तर आणखी ६० दिवस. पर्यावरण मंजुरीविरुद्ध अपील ३० दिवसांत, वर ६० दिवस. एका दिवसाचाही उशीर त्यापुढे माफ होत नाही. नियमाच्या वैधतेलाच आव्हान असेल तर उच्च न्यायालय. आणि जमीनमालकाने सरकारविरुद्ध याचिका केली असेल, तर गावाने हस्तक्षेप अर्ज करावा. नाहीतर सरकारी वकील ‘फेरविचार करतो’ असे निवेदन देतो आणि याचिका निकाली निघते. ज्यांच्या तळ्याचा प्रश्न, त्यांना ते महिन्याने कळते.

शेवटी हरकतींबद्दल. मसुदा अधिसूचना निघाली की हरकत फक्त विरोधकांनी घ्यायची, असा समज आहे. त्यामुळे फाइलीत पन्नास कागद मालकांचे आणि एकही समर्थनाचा नाही, असे चित्र न्यायालयापुढे जाते. बाजूनेही लेखी म्हणणे द्यावे, मुदतीत द्यावे, पोच घ्यावी. ग्रामसभेचा ठराव करायचा तर ‘गावातील सर्व पाणथळी राखाव्यात’ असा नको. गट क्रमांक, क्षेत्र, पाणी किती महिने असते, कोण वापरते, ते लिहावे. हजेरीपटावर १०० किंवा मतदारांच्या १५ टक्के, यांपैकी जो आकडा कमी असेल तेवढ्या सह्या असाव्यात, कारण ठरावाला पहिली हरकत गणपूर्तीचीच येते. तलाठी, ग्रामसेवक यांच्या सहीची खरी नक्कल त्याच आठवड्यात काढून घ्यावी. माहिती अधिकारात मागायचे ते ‘यादी’ नव्हे. आपल्या गावच्या पाहणीचा पंचनामा, तारखेसह छायाचित्रे, संयुक्त मोजणीची प्रत, बजावलेल्या नोटिसांच्या पोचा आणि संक्षिप्त दस्तऐवजाचा मसुदा, असे पाच कागद नाव घेऊन मागावेत. यांपैकी जो ‘अभिलेखात उपलब्ध नाही’ असे उत्तर येईल, तो करून घ्यायला अधिसूचना निघेपर्यंतच वेळ आहे.

आपले,
जमीन महसूल आणि पाणथळ प्रकरणांची कागदपत्रे हाताळणारे काही वाचक, रायगड